अर्धी कातरलेली मेंढी

माझ्या सिनेमांतली माणसं उडतात. तळ्याच्या तळाशी राजवाडे असतात, कोल्हिणी बायका होऊन संसार मांडतात आणि ढगांत राहणारे म्हातारे पाऊस कुठं पाडायचा यावरून हमरीतुमरीवर येतात. हे सगळं मी जुन्या चिनी गोष्टींतून उचलतो आणि पटकथेत बसवतो. इतकी वर्षं याच धंद्यावर पोट भरलं. मुलाखतीला आलेली पोरं हमखास विचारतात, "सर, इंदापूर तालुक्यातल्या मेंढपाळाच्या घरात चीन कुठून आला?" मी दर वेळी निराळी थाप मारतो. कधी म्हणतो, साखर कारखान्यावर एक चिनी इंजिनिअर आला होता. कधी म्हणतो, मागच्या जन्मी मी तिकडचाच होतो. खरं उत्तर द्यायला अर्धा दिवस लागतो आणि त्यात मी काही फार चांगला दिसत नाही. आता वय झालं, चांगलं दिसायची हौस फिटली, म्हणून लिहून टाकतो.

वरकुट्याला गावाच्या बाहेरच्या अंगाला आमचं पत्र्याचं घर होतं. घरापेक्षा मेंढरांची जागा मोठी. वडिलांना सगळे आबा म्हणायचे, मीही. त्यांचा धाकटा भाऊ तात्या, आई, माझी थोरली बहीण हौसाअक्का आणि मी, एवढी माणसं. संध्याकाळी कळप घरी आला की घरात ठेवलेली कोकरं एकदम ओरडायला लागायची, बाहेरून त्यांच्या आया ओरडायच्या, आणि कोकरं सोडली की त्या शंभरभर मेंढरांत प्रत्येक कोकरू आपल्याच आईखाली जाऊन बसेपर्यंत घरात कुणाचं बोलणं कुणाला ऐकू यायचं नाही. मग हळूहळू आवाज कमी होत जायचा आणि शेवटी फक्त आईच्या भाकरी थापण्याचा आवाज उरायचा. त्या वेळी चुलीजवळ बसून हुलग्याचं गरम माडगं प्यायचं, तोंड भाजायचं, आईच्या शिव्या खायच्या. मुंबईत मोठमोठ्या हॉटेलांत मी नाना प्रकारची सुपं प्यालो. बिल देणारा समोर बसलेला असतो म्हणून छान छान म्हणतो, पण मनात माडगंच असतं.

आमच्यात सुंबरान मांडायची पद्धत होती. म्हणजे देवाचं नाव घेऊन लांबलचक गोष्ट गाऊन सांगायची. एकानं गायचं, बाकीच्यांनी मागून शेवटचे शब्द उचलायचे. पण खरी गंमत पुढं असते. थोडं गाऊन झालं की गाणारा थांबतो आणि दुसरा माणूस तेवढाच भाग साध्या बोलण्यात पुन्हा उलगडून सांगतो, म्हणजे गाण्याच्या नादात कुणाचं काही हुकायला नको. आमच्या घरात गायचे तात्या, त्यांचा गळा पहाडी. आबा बेसूर, म्हणून उलगडायचं काम आबांचं. गाण्यात नुसतं "राणी निघाली" एवढंच आलेलं असायचं. आबा सांगताना राणीच्या पायात काय होतं, वाटेत पाणी कुठं प्याली, घरात मागं कोण रडत होतं, सगळं घालायचे. पटलं नाही तर गाणाऱ्याला अडवून विचारायचे. पटकथा म्हणजे काय हे मला पुढं पुण्यात एका शिबिरात इंग्रजीतून शिकवलं गेलं, तेव्हा माझ्या मनात आलं, अरे, हे तर आबा करायचे.

अक्काचं लग्न आबांनी हट्टानं कोऱ्हाळे बुद्रुकला करून दिलं. तिचं सासर आमच्यातलंच, पण त्यांनी दोन पिढ्यांमागं मेंढरं विकून ऊस लावला होता. दारात ट्रॅक्टर, मळ्याच्या कडेनं कॅनॉल. स्थळ बघून आले त्या दिवशी आबा जेवताना तीन वेळा म्हणाले, "कॅनॉलचं पाणी हाय. माझ्या लेकीला मेंढरामागं हिंडावं लागायचं न्हाय." अक्का मेंढरांत वाढलेली, माझ्यापेक्षा झपझप कातरायची, आजारी मेंढी नुसत्या चालण्यावरून ओळखायची. तिला काय हवं होतं ते तिला कुणी विचारलं नाही. मीसुद्धा नाही.

मी तेव्हा बारामतीला कॉलेजात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होतो आणि वर्गात कमी, वाचनालयात जास्त असायचो. तिथं कोपऱ्यातल्या कपाटात मला एक हिंदी पुस्तक सापडलं. पुठ्ठा गेलेला, पहिली आणि शेवटची पानं गेलेली, त्यामुळं नाव नाही, गाव नाही. आत जुन्या चिनी गोष्टी. परीक्षेत नापास झालेले गरीब विद्यार्थी आणि त्यांना वाटेत भेटणारी भुतं, राक्षस, तळ्यातले राजे. प्रत्येक दुसऱ्या गोष्टीत नायक परीक्षेत नापास! मला ते पुस्तक जवळच्या नातेवाइकासारखं वाटलं. त्या वर्षी मीही रसायनशास्त्रात आपटलो आणि घरी सांगितलंच नाही. वरच्या वर्गात गेलो म्हणून ठोकून दिलं. आई शेजारपाजारी पेढे वाटून आली.

कॉलेजला जातो म्हणून निघायचं आणि कुठं जायचं हा प्रश्न असायचा. वाचनालय बंद असलं की मी एस.टी.नं कोऱ्हाळ्याला अक्काकडं जायचो. पहिल्यांदा असा न कळवता गेलो तेव्हा तिची सासू दारातूनच म्हणाली, "मळ्यात हाय ती," आणि आत गेली. मी मळ्यात गेलो. उसाच्या पलीकडं कॅनॉलच्या कडेला, पाण्याची मोटार असते त्या बुटक्या खोलीबाहेर तीन दगडांची चूल मांडलेली होती. अक्का पाचसहा शेळ्या राखत बांधावर बसली होती. खोलीत मोटारीशेजारी तिचं अंथरूण, दोन लुगडी, पत्र्याची पेटी. दाजींनी बारामतीत दुसरं घर केलं होतं आणि नवऱ्याला धरून ठेवता आलं नाही हा दोष अक्काचा ठरला होता. तिला स्वयंपाकघरात येऊ देत नव्हते. धनगराची लेक आहे, शेरडं तरी राखू दे, असं सासू चारचौघांत म्हणायची. स्वतः कोण होती ते विसरून.

अक्कानं मला भाकरी आणि ठेचा वाढला. मी जेवतो की नाही ते बघत बसली. जेवण झाल्यावर माझा हात धरून म्हणाली, "आबांना सांगू नगंस. त्यांनी लई हौसंनं दिलीय मला. आन तात्याला कळलं तर ते कुऱ्हाड घिऊन येतील, उगं कुणाचा तरी जीव जाईल. माझ्या गळ्याची आण हाय तुला."

मी आण घेतली. पाच महिने पाळली. त्या पाच महिन्यांत मी पाचसहा वेळा तिच्याकडं गेलो, दर वेळी भाकरी खाल्ली, दर वेळी ती अजून वाळलेली दिसली, आणि घरी विचारलं की "अक्का मजेत हाय" म्हणालो. आज खरं सांगतो, आण हे निमित्त होतं. अक्काची हकिगत सांगायची तर कॉलेजच्या दिवसांत मी कोऱ्हाळ्याला काय करत होतो तेही सांगावं लागलं असतं आणि माझं नापास होणं उघडं पडलं असतं. बहीण मोटारीच्या खोलीत राहत होती आणि मी माझे पेढे सांभाळत होतो. मला अजून याची लाज वाटते.

त्याच दिवसांत त्या पुस्तकातली एक गोष्ट वाचली आणि पुस्तक मिटून टाकलं. तळ्याच्या राजाची लेक. सासरच्यांनी घराबाहेर काढलेली, रस्त्याच्या कडेला मेंढरं राखते. नापास झालेला एक विद्यार्थी त्या वाटेनं घरी चाललेला असतो. ती त्याच्याजवळ वडिलांसाठी चिठ्ठी देते आणि तो ती तळ्याच्या तळाशी नेऊन पोचवतो. गोष्टीतला विद्यार्थी नापास असूनही चिठ्ठी पोचवतो, हे मला फार लागलं.

मग कातरणीचा दिवस आला. आदल्या दिवशी मेंढरं पाण्यात घालून धुतलेली असतात, दुसऱ्या दिवशी सकाळपासून लोकर कातरायची. शेजारच्या वस्त्यांवरचे गडी मदतीला येतात, सगळे गोलात बसतात, मेंढीचे पाय धरून तिला आडवी पाडतात आणि मग कातरींचा आवाज दिवसभर चालू राहतो. त्या आवाजावर सुंबरान मांडायचं. आमच्यात कातरणीचा एक कडक नियम होता. ज्यानं मेंढी कातरायला घेतली त्यानंच ती पुरी करायची, नाहीतर त्याच्या रक्ताच्या माणसानं. अर्धी कातरलेली मेंढी उठू द्यायची नाही. आबा तर हातातली मेंढी पुरी झाल्याशिवाय पाणीसुद्धा प्यायचे नाहीत.

त्या दिवशी तात्यांचा गळा बसला होता. आदल्या दिवशी छातीभर पाण्यात उभे राहून मेंढरं धुतली होती. नुसता घोगरा वारा बाहेर येत होता.

"ह्ये आमचं मास्तर हायती की," तात्या माझ्याकडं बोट करून फुसफुसले. मी कॉलेजात गेलो तेव्हापासून ते मला मास्तर म्हणून चिडवायचे. "बारामतीला इतकी बुकं वाचत्यात. सांगू दे एखादी."

सगळ्यांनी उचलून धरलं. मी आढेवेढे घेतले, पण कुणी माझ्या कॉलेजचं विचारण्यापेक्षा गोष्ट बरी, म्हणून तयार झालो. पन्नास गोष्टी पाठ होत्या. तोंडातून तीच निघाली. मुद्दाम निघाली की आपोआप, हे मला आजही सांगता येत नाही.

गाता मला येत नव्हतं. मी साधीच सांगत होतो, तरी आबा रीतीप्रमाणं मधे मधे थांबवून उलगडून सांगत होते आणि हात चालूच होता. तळ्याचा राजा त्यांना लगेच पटला. उजनीच्या धरणाखाली गावं गेल्यापासून पाण्याखाली घरं असतात यात आमच्याकडं कुणाला नवल वाटत नाही. मेंढरांवर मात्र त्यांनी मला अडवलं.

"थांब. त्या पोरीची मेंढरं कशी व्हती?"

"साधीच, आबा. पण मान वर करून सारखी आभाळाकडं बगायची."

"मंग ती मेंढरं न्हवंत," आबा म्हणाले. "मेंढी खाली बगून चरती. जी वर बगती ती दुसरंच कायतरी हाय."

मी चाट पडलो. गोष्टीत पुढं हेच येतं, की ती मेंढरं नसतात, पाऊस पाडणारे गडी असतात. आबांनी दोन पानं आधीच ओळखलं होतं. सगळे खूश झाले, मलाही जोर चढला, आणि त्या जोरात मी पुढं बोलून गेलो, "तर ती पोरगी दिवसभर राखायची आन सांजच्याला मोटारीच्या खोलीत येऊन पडायची."

गोलात हशा पिकला. "आरं, त्या येळंला चीनमधी लाईट व्हती का?" कुणीतरी म्हणालं. तात्या तर हसताना खोकायला लागले. मीही हसायचा प्रयत्न केला. आबा हसले नाहीत. त्यांची कातर मेंढीच्या पाठीवर मध्येच थांबली होती. मग त्यांनी नेहमीसारखं उलगडून सांगायला सुरुवात केली, पण हळू, एकेक शब्द चाचपून बघितल्यासारखं.

"राजाची लेक. बागायतदाराच्या घरात दिली. त्यांनी तिला घरात न्हाय ठिवली. कॅनॉलच्या कडंला मोटारीची खोली हाय, तितं ऱ्हाती. एकटी." कॅनॉल माझ्या तोंडून आलाच नव्हता. "शिकणारा एक पोरगा तितनं जातो. ती त्याला भाकरी घालती. त्यो खातो." त्यांनी मान वर केली. "त्यो पोरगा किती येळा भाकरी खाऊन आला?"

कुणी हसेना.

"पाचसहा येळा," मी म्हणालो.

"किती दिस झालं?"

"पाच महिनं." मग एकदा फुटलं ते सगळंच बाहेर आलं. मी रडत रडत म्हणालो, "मी नापास झालोय, आबा."

नापास झाल्याचं कुणी ऐकलंसुद्धा नाही. आई माडग्याचं भांडं घेऊन येत होती, ती तिथंच उभी राहिली. तात्या उठले आणि घराकडं धावले. कुऱ्हाड कुठं असते ते सगळ्यांना माहीत होतं. "तात्या!" आबांचा एवढा मोठा आवाज मी आयुष्यात एकदाच ऐकला. "तू हितंच ऱ्हा. मेंढरं बग." तात्या दारातच थांबले आणि चौकटीवर डोकं टेकून उभे राहिले. आबांनी कातर खाली ठेवली. त्यांच्या गुडघ्याखालची मेंढी उठली, अंग झटकलं आणि एका बाजूनं उघडी, दुसऱ्या बाजूनं लोकरीचा ढीग, अशी चालू लागली. ती बघून गोलातली जुनी माणसं एकमेकांकडं बघायला लागली. आबांनी तिच्याकडं बघितलंही नाही. घोंगडी खांद्यावर टाकली आणि मला म्हणाले, "चल, दाव मला."

रस्त्यापर्यंत चालत, मग मिळाली ती गाडी, अंथुर्ण्याला बराच वेळ खोळंबा, बारामतीला गाडी बदलली. सगळ्या वाटेत आबा एकच वाक्य बोलले. "वाळलीय का लई?" मी मान हलवली. खिडकीबाहेर ऊसच ऊस होता आणि आबा त्याच्याकडं असे बघत होते की जणू त्यानंच फसवलं.

पुढचा प्रसंग मी सध्या पटकथेत लिहितो आहे, आणि त्यावरून निर्मात्याचं आणि माझं वाजलं आहे. मूळ गोष्टीत राजाचा तापट भाऊ ड्रॅगनच्या रूपात साखळदंड तोडून आकाशातून जातो आणि जावयाला गिळून टाकतो. तो प्रसंग आहेच, दोनशे माणसं कॉम्प्युटरवर बसून तो ड्रॅगन रंगवणार आहेत. पण त्याआधी मी राजाला एकट्याला व्याह्याच्या अंगणात बसवलं आहे आणि तो फक्त पाणी मागतो. निर्माता म्हणतो, यात भव्य काय आहे? मी म्हणतो, तुम्ही बघितलेलं नाही, मी बघितलंय.

आबा कोऱ्हाळ्याला गेले ते मळ्यात गेले नाहीत. सरळ घरासमोर अंगणात जाऊन बसले. सासऱ्यांनी "या पाव्हणं, बसा" केलं, सासू तांब्या घेऊन आली. आबांनी तांब्याला हात लावला नाही. "पानी पिईन, पर लेकीच्या हातचं. बलवा तिला." सासू म्हणाली, रानात गेलीय, येईल. आबा म्हणाले, बसतो. दुपार कलली तरी ते उन्हात बसून राहिले. शेजारीपाजारी जमायला लागले. तहानलेला व्याही अंगणात बसलेला आणि घरची सून पाणी द्यायला येत नाही, हे किती वेळ चालणार? शेवटी सासऱ्यांनी माणूस पाठवला. साऱ्या गल्लीच्या देखत अक्का उसाच्या बाजूनं, शेळ्या पुढं घालून, अनवाणी आली. ती कुठून आली, कशी आली, ते सगळ्यांनी बघितलं. कुणाला काही सांगायची गरज राहिली नाही.

आबांना बघून ती जागीच थांबली. मग आत न जाता अंगणातल्या रांजणातूनच तांब्या भरून तिनं त्यांच्या हातात दिला. आबा सगळा तांब्या एका दमात प्याले. थोडं पाणी सदऱ्यावर सांडलं. मग उठले आणि व्याह्याला हात जोडून म्हणाले, "लेक मेंढरामागं हिंडू नये म्हणून तुमच्यात दिली. शेरडामागंच हिंडायचं, तर आमची काय थोडी हायती?" सासरे "पाव्हणं, असं कसं" म्हणत राहिले. अक्का पत्र्याची पेटीसुद्धा आणायला गेली नाही. वाटेत आबांनी आपली घोंगडी तिच्या खांद्यावर टाकली, ती तिनं घरी पोचेपर्यंत काढली नाही.

अक्का परत सासरी गेली नाही. आता सत्तरी ओलांडली आहे, वरकुट्यालाच राहते, आणि माझ्या पोरांनी घेऊन दिलेल्या मोठ्या टीव्हीवर माझे सिनेमे बघून ड्रॅगनला नावं ठेवते. मी पुढच्या वर्षी रसायनशास्त्रात कसाबसा सुटलो. पण या प्रकरणात मला सांगायची आहे ती त्या दुसऱ्या दिवशीची सकाळ.

ती अर्धी कातरलेली मेंढी तशीच फिरत होती. कुणी तिला हात लावला नव्हता, आणि आबा सकाळीच कातरलेली मेंढरं घेऊन गेले होते, तिला आणि कातरायच्या राहिलेल्यांना मागं ठेवून. अक्का बाहेर आली, मेंढी बघितली आणि बराच वेळ हसली. लग्नानंतर तिला हसताना मी पहिल्यांदा बघितलं. मग कातर घेतली, खाली बसली आणि मला म्हणाली, "धर." मी मेंढीचे पाय धरले. तिचा हात अजून तसाच चालत होता, लोकर सलग एका पडद्यासारखी सुटून येत होती. मी वाट बघत होतो की ती मला शाबासकी देईल.

"सांगू नगंस म्हणलं व्हतं न्हवं तुला?" वर न बघता ती म्हणाली.

"मी न्हाय सांगितलं, अक्का. मी नुसती गोष्ट सांगितली."

"व्हय." कातर चालूच होती. मानेपाशी आली तेव्हा ती थांबली. "मंग गोष्ट सांगायला पाच महिनं कशापायी लावलंस? मी रोज बांधावर बसून वाट बगायची."

मी मेंढीचे पाय आणखी घट्ट धरले. तिनं राहिलेली लोकर काढली, मेंढीच्या पाठीवर थाप मारून तिला सोडून दिलं आणि लुगड्याला हात पुसत म्हणाली, "बसलास काय? दुसरी धर."